भुंग्याला माहीत नसतं

भुंग्याचं नुसतं नाव काढलं तरी कुंदाचं डोकं फिरायचं. मुलुंड पूर्वेच्या त्यांच्या तिसऱ्या मजल्यावरच्या गॅलरीत कपडे वाळत घालायला एक जुना बांबू टांगलेला होता, आणि त्या बांबूत एका काळ्याकुट्ट भुंग्याने गोल गरगरीत भोक पाडून बिऱ्हाड केलं होतं. मेल्याला सगळ्या मुंबईत दुसरी जागा मिळाली नाही! धुतलेली चादर वाळत घातली की तिच्यावर पिवळा भुसा. झटकली की पुन्हा भुसा. कुंदाने त्या भोकात कापूर कोंबला, डांबराची गोळी कोंबली, एकदा तर नवऱ्याच्या फाटक्या मोज्याचा बोळा कोंबला. भुंग्याने शेजारी दुसरं भोक पाडलं.

पण तो राग आपला घरगुती होता. दोन भांडी आपटली की उतरायचा. जानेवारीत जो सुरू झाला तो भांडी आपटून उतरणारा नव्हता.

त्याचं असं झालं. कुंदाचा नवरा नंदकुमार वीज कंपनीच्या मीटर खात्यातून रिटायर झालेला. सगळी नोकरी लोकांच्या जिन्याखाली वाकून, टॉर्च मारून आकडे वाचण्यात गेली. आकड्यात कोणी घोळ केला तर याला लांबून वास यायचा. म्हणायचा, "मीटर खोटं बोलत नाही गं, माणूस बोलतो." असा हा माणूस रिटायर झाल्यावर घरात बसून बसून सुकायला लागला. तेव्हा कुंदानेच त्याला ढकललं. "सकाळी बागेत जा, चार माणसांत मिसळा, नाहीतर मला वेड लावाल." आपल्याच पायावर धोंडा मारून घेणं म्हणतात ते हे.

बागेत चंद्रप्रकाश सरांचा 'उमेद वर्ग' भरायचा. सर म्हणजे पांढरा कुर्ता, मधाळ आवाज आणि सगळ्यांना ताई-दादा. आधी टाळ्या वाजवायच्या, मग हसायचं, मग खडीच्या वाटेवरून अनवाणी चालायचं आणि शेवटी बाकांवर बसून सरांकडून एक गोष्ट ऐकायची. पहिल्याच आठवड्यात नंदकुमार घरी आला तो चप्पलही न काढता सरळ गॅलरीत गेला आणि त्या बांबूसमोर त्याने चक्क हात जोडले.

"नमस्कार, गुरुदेव."

"काय हो हे?" कुंदा चहा गाळता गाळता थांबली. "डोकंबिकं ठिकाणावर आहे ना?"

"तुला माहितीये का, विज्ञानाच्या हिशेबाने भुंग्याला उडताच येत नाही. अंग एवढं जाड, पंख एवढेसे. मोठमोठ्या शास्त्रज्ञांनी गणित मांडून दाखवलंय, अशक्य! पण भुंग्याला ते माहीत नसतं. म्हणून तो उडतो." बोलताना त्याचे डोळे चमकत होते. कितीतरी महिन्यांनी चमकत होते. "सर म्हणाले, जे माहीत नाही ते बाधत नाही. माणसाला त्याचं माहीत असणंच मारतं."

"बरं. चहा मारेल आता, गार झालाय. घ्या."

तेव्हा कुंदा हसली होती. गोष्ट गोड होती, नवरा खूश होता, सकाळचे दोन तास घर मोकळं मिळत होतं. कोणाचं काय जात होतं?

नंदकुमारला शुगर होती. आजकालची नाही, बारा वर्षांची जुनी. रोज सकाळी बोट टोचायचं, मशीनवर आकडा बघायचा आणि तो आकडा मोठ्याने म्हणायचा, जिन्याखालचं रीडिंग सांगावं तसा. कुंदा त्यावरून ठरवायची की आज भात किती, भाकरी किती. नाश्त्याबरोबर ती छोट्या वाटीत त्याच्या गोळ्या काढून ठेवायची. हे सगळं इतकं अंगवळणी पडलं होतं की घरात कोणाला त्याचं काही वाटतही नव्हतं.

एका रविवारी दुपारी जेवताना नंदकुमार म्हणाला, "आज मी एक गोष्ट सोडली."

"काय? घर?"

"चेष्टा नको. आज वर्गात प्रत्येकाने एक जाणीव सोडायची होती. काशीला गेल्यावर लोक काहीतरी सोडतात ना, तसं. माझ्या आईने नव्हतं का कारलं सोडलं?"

"तुमच्या आईने कारलं आयुष्यात तोंडाला लावलं नव्हतं. मग सोडलंन्, त्यात काय जातंय?"

नंदकुमारने ते ऐकलंच नाही. "आम्ही अजाण व्रत घेतलंय. महिनाभराचं. पुढे उद्यापन. कोणी वजन बघणं सोडलं, कोणी वय मोजणं सोडलं. मी शुगर किती आहे ते बघणं सोडलं. महिनाभर मशीनला हात लावणार नाही, आणि तूसुद्धा विचारायचं नाहीस."

व्रत! कुंदाच्या हातातला डाव तसाच राहिला. आयुष्यभर तिने सोळा सोमवार केले, मंगळागौरी जागवल्या, हरतालिकेला पाणी न पिता ऑफिसात फायली उचलल्या. तेव्हा हाच माणूस म्हणायचा, "उपाशी राहून कोणाचं भलं झालंय?" आणि आता म्हणे व्रत. तेही कसलं, तर डोळे झाकून घ्यायचं.

"मांजर डोळे मिटून दूध पितं," ती म्हणाली, "म्हणून काही ते कोणाला दिसायचं राहत नाही. आणि गोळ्या?"

"गोळ्या घेतो की! गोळ्यांचं कोण काय बोललंय?" मग त्याने ताटातला भात बाजूला सारला. "कुंदा, रोज सकाळी तो आकडा बघितला ना, की दिवस तिथेच मरतो गं. एवढा एक महिना मला जगू दे."

हे तो इतक्या खालच्या आवाजात बोलला की कुंदाच्या तोंडावर आलेलं बोलणं परत गेलं. घेतो म्हणतोय ना गोळ्या, मग करू दे महिनाभर नाटक. तिने मशीन उचलून कपाटात चादरींच्या मागे ठेवलं.

त्यांची मुलगी गार्गी घाटकोपरच्या एका कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवायची. त्या रविवारी ती मैत्रिणीकडे गेली होती. संध्याकाळी घरी आल्यावर तिला हे कळलं आणि ती तडक बापासमोर जाऊन उभी राहिली. ती आईचीच मुलगी, आवाजही तसाच चढा.

"बाबा, तुला कोणी सांगितलं रे भुंग्याला उडता येत नाही म्हणून?"

"शास्त्रज्ञांनी सिद्ध केलंय."

"काहीही सिद्ध केलेलं नाही. फार जुनी थाप आहे ही. ज्या कोणी ते गणित मांडलं ना, त्याने भुंग्याला विमान धरलं. पंख ताठ, जागच्या जागी. तसा धरलास तर नाहीच उडणार! पण भुंगा पंख ताठ ठेवतो का? सेकंदाला दीडशे-दोनशे वेळा हलवतो. गणित विमानाचं केलं आणि नापास भुंग्याला केलं. आणि ती ज्याची गोष्ट आहे ना, तो केसाळ भुंगा वेगळाच. तो हिमालयात असतो. आपल्याकडचा हा काळा त्याचा चुलतभाऊ."

"मग इवल्याशा पंखावर एवढं धूड उचलतं कसं? ते सांग."

गार्गी त्याला हाताला धरून बाथरूममध्ये घेऊन गेली. कुंदाही पाठोपाठ गेली. बादली भरलेली होती. "हात घाल. पंजा थोडा तिरका धर. आता वरखाली नाही, पुढे-मागे फिरव. पुढे नेताना असा, मागे आणताना पालथा करून. जोरात!"

नंदकुमार उभाच राहिला. म्हातारपणी मुलीने बादलीत हात घालायला लावावा, हे त्याला काही रुचलं नाही. मग कुंदानेच पदर खोचला आणि हात घातला. तिरका पंजा पाण्यातून सपकन नेला तर हात आपोआप वर उचलला गेला. वरच्या बाजूला पाण्याचा एक छोटा भोवरा फिरताना दिसला.

"तो भोवरा बघितलास? हवेतही तस्साच होतो, पंखाच्या पुढच्या कडेवर. तो पंखाला वर ओढतो. भोवरा सुटायच्या आत भुंगा पंख पालथा करून परत फिरवतो, की दुसरा भोवरा तयार. सतत, न थांबता. म्हणून त्याला सारखं खायला लागतं. उडता उडता मध संपला तर थोड्या वेळात जमिनीवर येतो. थंडीच्या सकाळी तो आधी बसल्या जागी थरथरून अंग तापवून घेतो, मगच उडतो. अंग गार असताना उडायला जातच नाही. त्याला सगळं माहीत असतं, बाबा. किती तापलोय, पोटात किती आहे, सगळं. अजाणपणावर कोणी उडत नसतं."

नंदकुमारने टॉवेल कुंदाच्या हातात दिला. "तुमचं विज्ञान कोरडं आहे, गार्गी. माणसाला उमेद लागते. ती तुमच्या बादलीत नाही."

झालं. गाढवापुढे वाचली गीता. गार्गी पाय आपटत खोलीत गेली आणि कुंदा मात्र बराच वेळ बादलीत हात फिरवत राहिली. चार-पाच वेळातच तिचा दंड भरून आला. एवढ्याने हे, मग त्या भुंग्याचं काय होत असेल, असं तिच्या मनात आलं. दुसऱ्या दिवशी गॅलरीत भुसा दिसला तेव्हा ती त्याला पहिल्यांदाच काही बोलली नाही.

महिना सरत आला. नंदकुमार तरतरीत दिसायचा, गाणी गुणगुणायचा. थोडा उतरला होता, पण तो म्हणायचा, "चालण्याने वजन जातंय." पाणी मात्र घटाघटा प्यायचा. कुंदाला खटकत होतं. ती विचारायची, "बघू का एकदा मशीनवर?" तो कानांवर हात ठेवायचा. वाटीतल्या गोळ्या रोज संपत होत्या, एवढाच तिला धीर होता.

उद्यापनाचा रविवार आला. बागेशेजारच्या हॉलमध्ये कार्यक्रम होता आणि नंदकुमार तिथे अनुभवकथन करणार होता. गार्गी परीक्षेच्या कामाला कॉलेजात गेली होती. तो आंघोळ करून, इस्त्रीचा सदरा घालून निघाला तेव्हा कुंदाची फरशी पुसून नुकतीच झाली होती.

"अहो, ओल्यावरून नका जाऊ!"

"उशीर झालाय गं," म्हणत तो ओल्यावरून तसाच अनवाणी दारापर्यंत गेला, चप्पल अडकवली आणि दार ओढून घेतलं.

पाय उमटलेच. कुंदा फडकं घेऊन, त्याच्या नावाने शंख करत, खाली बसली. डाव्या पायाचे ठसे नुसते पाण्याचे होते. उजव्या पायाच्या प्रत्येक ठशात करंगळीच्या बाजूला तपकिरी डाग होता. कोकमाचा असेल म्हणून तिने पुसला आणि सवयीने फडकं नाकाशी नेलं.

कोकमाचा वास नव्हता. फ्रीज बंद पडल्यावर मासळीला येतो तसला वास होता.

तिला सगळं एकदम कळलं. ते खडीवरून चालणं, ते घटाघटा पाणी. तळपायाची आग मस्तकात जाणं म्हणजे काय ते तिला त्या क्षणी समजलं. अंगात गाऊन होता, वर ओढणी टाकली, कपाटातून चादरींच्या मागचं मशीन काढून मुठीत धरलं आणि ती तशीच खाली धावली. रिक्षावाला म्हणाला, "जवळचं भाडं नाही." ती म्हणाली, "बस गप आणि चालव." त्याने चालवली.

हॉल भरलेला होता. पुढे टेबलावर हार घातलेली समई आणि माईकपाशी नंदकुमार. चेहऱ्यावर असं तेज, जसं लग्नातही नव्हतं.

"…आता खरी गंमत सांगतो," तो सांगत होता. "मी नुसता आकडा बघणं सोडलं नाही. गोळीही सोडली! कारण गोळी हातात घेतली की आजार आठवतो. बायको बिचारी रोज वाटीत काढून ठेवते. मी त्या खिशात घालतो आणि बागेतल्या कचऱ्याच्या डब्यात टाकतो. महिना झाला. मला काही झालंय? काही नाही! भुंगा उडतोय!"

लोक हसले. मग टाळ्या वाजल्या. अख्ख्या हॉलने टाळ्या वाजवल्या. त्या टाळ्या कुंदा जन्मात विसरणार नव्हती. रोज सकाळी चष्मा लावून पट्टीतून एकेक गोळी काढणारी ती, आणि तिच्या त्या खटाटोपावर हे एवढे लोक खदाखदा हसत होते.

ती मधल्या वाटेने सरळ पुढे गेली. कोणीतरी "ताई, बसा ना" म्हणालं. तिने एक प्लास्टिकची खुर्ची ओढली, नंदकुमारच्या खांद्याला धरून त्याला खाली बसवलं आणि दुसरी खुर्ची समोर ठेवली.

"पाय वर घ्या."

"अगं कुंदा, काय करतेस? लोक बघतायत!"

"बघू देत. त्यासाठीच आलेय. उजवा पाय वर घ्या म्हणते!"

त्याने घेतला. तिने चप्पल काढून तळवा सगळ्यांकडे वळवला. करंगळीच्या खाली एक भोक होतं, कडा काळ्या पडलेल्या. करंगळी आणि तिच्या शेजारचं बोट जांभळं, सुजलेलं. पहिल्या रांगेतली एक बाई तोंडाला पदर लावून उठून गेली.

"कधी लागलं हे?" कुंदाने विचारलं.

"काय लागलं? मला काही…" नंदकुमारने वाकून बघायचा प्रयत्न केला, पण पोट आडवं आलं. "दुखत नाही गं. बघ, दाबलंस तरी दुखत नाही." आणि तो हसला. पोरासारखा, अभिमानाने. "दुखतच नाही म्हटल्यावर काय असणार?"

कुंदाने त्याच्याकडे बघितलंच नाही. ती चंद्रप्रकाश सरांकडे वळली. "काय हो, हेच ना तुमचं उडणं? याचं पाऊल सडलंय आणि याला पत्ता नाही. झाली का मनासारखी उमेद?"

सर पांढरे पडले होते. त्यांनी हात जोडले. "ताई, शपथ घेऊन सांगतो, गोळ्या सोडा असं मी कधीही कोणाला म्हटलेलं नाही. मी स्वतः बीपीची गोळी रोज घेतो. आज सकाळीही घेतली. डॉक्टरांना विचारल्याशिवाय असं कोणी… मी फक्त गोष्ट सांगतो हो, ताई. भुंग्याची. नुसती एक गोष्ट."

तो माणूस खोटं बोलत नव्हता, आणि त्याचाच कुंदाला जास्त संताप आला. बदमाश असता तर कानाखाली तरी देता आली असती. हा बापडा रोज स्वतःची गोळी गिळून, तोंड पुसून लोकांना अजाणपणाची गोष्ट सांगत होता, आणि त्यात काही वावगं आहे हे त्याच्या गावीही नव्हतं.

"खोटी गोष्ट आहे ती!" ती ओरडली. आवाज माईकमध्ये गेला आणि हॉलभर घुमला. "भुंगा मरमर मरतो तेव्हा उडतो. माझ्या पोरीला विचारा. आणि गोळी घेता तर तेही सांगायचं होतं ना गोष्टीत! ते का नाही सांगितलं?"

नंदकुमार सरांकडे बघत होता. "तुम्ही घेता गोळी?" त्याने विचारलं. त्याच्या चेहऱ्यावरचं तेज गेलं ते कुंदाने बघितलं, पण तिला दया आली नाही. तिने तिथेच त्याचं बोट टोचलं. मशीनवर आकडा आलाच नाही. आकडा दाखवण्यापलीकडे साखर गेली होती.

रिक्षात ती एक शब्द बोलली नाही. हॉस्पिटलात डॉक्टरांनी पाय बघितला आणि कपाळाला आठ्या घातल्या. साखरेने पायाच्या नसा बधिर झाल्यात, म्हणून खडी लागली तरी कळलं नाही, असं त्यांनी कुंदाला बाजूला घेऊन सांगितलं. गार्गी घाटकोपरहून धावत आली. डॉक्टर म्हणाले, "आधी साखर खाली आणू. उद्या ऑपरेशन. उघडल्याशिवाय कळणार नाही किती काढावं लागेल. बोटं, किंवा पाऊल, हाडापर्यंत गेलं असेल तर त्याच्या वरसुद्धा."

नंदकुमारने भिंतीकडे तोंड केलं. "जे करायचं ते करा. मला काही सांगू नका." सही करतानाही त्याने कागदावरचं वाचलं नाही. आयुष्यभर दुसऱ्यांच्या घरचे आकडे वाचणारा माणूस! कुंदाला वाटलं, तो कागद त्याच्या डोळ्यांत कोंबावा.

दुसऱ्या दिवशी कमरेत इंजेक्शन देऊन ऑपरेशन झालं. करंगळी आणि शेजारचं बोट काढावं लागलं, सडलेला भाग खरवडून काढला. पाऊल वाचलं. डॉक्टर म्हणाले, "आणखी चार दिवस गेले असते तर गुडघ्याखाली काही उरलं नसतं." गार्गी ढसाढसा रडली. कुंदा रडली नाही. तिच्या पोटात राग असा दगडासारखा बसला होता की रडायला जागाच नव्हती.

ती त्याच्या उशाशी बसून राहिली. पाणी दिलं, पेज भरवली, भांडं दिलं, रात्री गार्गीला घरी पाठवून बाकावर आडवी झाली. सगळं केलं, पण बोलली नाही. बोलायला तोंड उघडलं असतं तर त्या बागेतल्या डब्यापासून सुरू झालं असतं आणि सगळा वॉर्ड गोळा झाला असता. तोही बोलला नाही. छताकडे बघत पडून राहायचा. पायावर लोखंडी कमान ठेवून वर चादर टाकलेली होती, म्हणजे जखमेला कापड लागू नये. त्या चादरीकडे त्याने एकदाही बघितलं नाही. कुंदा मनात म्हणायची, बघा कसा आहे. एवढं होऊनसुद्धा तोच हेका. अजून नाही बघायचं म्हणे!

गार्गीने एकदा विषय काढला. "बाबा, डॉक्टर म्हणाले…" तो एकदम किंचाळला, "सांगू नकोस!" पोरगी दचकली. कुंदाने तिला खूण करून बाहेर पाठवलं. मरू दे, म्हणाली. नको ना कळायला? नको.

मग पहिल्या ड्रेसिंगचा दिवस आला. सिस्टरने चादर दूर केली, कमान उचलली आणि बँडेज सोडायला लागली. नंदकुमारने भिंतीकडे मान फिरवली आणि उशीचं टोक दोन्ही मुठींत धरलं. बँडेजचे वेढे एकेक करून सुटत होते. कुंदाने त्याच्या त्या मुठींकडे बघितलं आणि तिचा दोन दिवस कोंडलेला राग उफाळून आला.

"इकडे बघा."

"नको."

"बघा म्हणते ना! तुमचं आहे ते. मी बघायचं, पोरीने बघायचं, ही परकी मुलगी पू पुसतेय तिने बघायचं, आणि तुम्ही भिंत बघणार? बघा इकडे!"

"कुंदा, हात जोडतो." त्याचा आवाज फाटला. "पाय गेला ते मला माहितीये. दाखवू नकोस."

सिस्टरचा हात थांबला. कुंदाला पहिल्यांदा समजलंच नाही तो काय म्हणतोय.

"पाय गेला? कोणाचा?"

"गुडघ्यापासून काढला ना? डॉक्टर म्हणाले होते, वर जावं लागेल." तो भिंतीशीच बोलत होता. "मला तिथे काही लागतच नाही गं. काहीच नाही. रात्री हात खाली नेत होतो आणि अर्ध्यावरून परत घेत होतो. तुझा चेहरा बघितला आणि ओळखलं. तू बोलत नव्हतीस. तू कधी अशी गप्प बसली आहेस का?"

दोन दिवस आणि दोन रात्री. हा माणूस धड पाय जागेवर असताना, त्या चादरीखाली पाय नाही असं समजून पडून होता. हात लांबवला असता तर लागला असता. एक प्रश्न विचारला असता तर कळलं असतं. आणि ती फूटभर अंतरावर बसली होती, रागाने तोंड शिवून.

"अहो, विचारायचं होतं ना!" ती इतक्या जोरात ओरडली की वॉर्डातल्या सगळ्या माना वळल्या. "एकदा तरी विचारायचं होतं! मी काय खाणार होते तुम्हाला?"

"तू हो म्हणाली असतीस तर?"

कुंदाने त्याची हनुवटी धरली आणि मान वळवली. त्याने डोळे गच्च मिटले होते. तिने उशीवरची त्याची मूठ सोडवली, त्याचा हात ओढून खाली नेला आणि घोट्यावर ठेवला. सिस्टर घाबरून "मावशी, जखम, जखम!" म्हणत होती. कुंदाने त्याचा हात जखमेपासून दूर, अंगठ्यापर्यंत सरकवला. पायाला नसेल कळत, हाताला तरी कळेल.

नंदकुमारच्या बोटांनी अंगठा चाचपला. नख चाचपलं. मग तो मधेच थांबला, आणि त्याने डोळे उघडले.

"अगं," तो म्हणाला, "आहे की."

तोंड वेडंवाकडं झालं, नाक वाहायला लागलं, सगळ्या वॉर्डासमोर. कुंदाला त्याला जवळ घ्यावंसं वाटलं आणि त्याच वेळी एक ठेवून द्यावीशी वाटली. तिने दोन्ही केलं नाही. त्याचा हात तिने सोडला नाही.

"मोजा," ती म्हणाली.

"काय?"

"किती राहिली ती मोजा. मोठ्याने."

त्याने सदऱ्याच्या बाहीने डोळे पुसले आणि अंगठ्यापासून सुरुवात केली. "एक. दोन. तीन." मग टाके आले, तिथे त्याचं बोट थांबलं.

"आणि गेली किती?"

सिस्टर कापसाचा बोळा हातात धरून उभी होती.

"गेली किती, विचारतेय मी."

"दोन," नंदकुमार म्हणाला.

"परत मोजा," कुंदा म्हणाली, आणि आता ती रडत होती.